वाटबायची उघडी रेघ

मी एकदा नवस बोलले होते. ग्रामदेवतेला बोलले ते वेगळं. हा सड्यावरच्या वाटबायला बोलले. तिच्या पायाशी उभी राहून म्हटलं, "बाय, आमचे हे दर्यावरून घरी येईपर्यंत माझ्या दारातल्या रांगोळीची शेवटची रेघ मी जोडणार नाही. आणि तुझ्याकडे जो कोण येईल त्याला तुझी हकिगत सांगेन. बाकीचं तू बघ." नारळ नेला नव्हता. तिला नारळ चालत नाही, घरचं गोडं पाणी लागतं. तांब्या रिकामा केला आणि उतरले.

त्या वर्षी नारळी पौर्णिमेनंतर वादळ झालं होतं. यांची होडी आमच्या वेळसर गावच्या वाळूच्या पुळणीवर आली, उलटी. जाळं आलं, यांचा पाण्याचा कॅनसुद्धा आला. हे आले नाहीत. मोठे दीर म्हणाले, "वहिनी, अमावास्येला दर्भाचा पुतळा करून अग्नी देऊया. त्याचा जीव अडकला असंल." देह सापडला नाही की असंच करतात. दिरांच्या मनात वाईट नव्हतं, त्यांच्या पाठीवरचा भाऊ तो. पण मी 'नको' म्हटलं आणि सडा चढले. का चढले, ते कळायला वाटबायची गोष्ट ऐकावी लागेल.

सडा म्हणजे गावाच्या डोक्यावरचं जांभ्याचं सपाट रान. झाड नाही, सावली नाही. पावसाळ्यात सगळं हिरवं होतं, एरवी नुसता तांबडा-काळा कातळ. त्यावर फार जुन्या माणसांनी कोरून ठेवलंय. मासे आहेत, लांब शेपटीचा पाकट मासा आहे, ज्याला आम्ही हत्ती म्हणतो असं एक धूड आहे. आणि कड्याच्या अगदी तोंडाशी दोन माणसं आडवी आहेत, एक पुरुष आणि एक बाई. डोळे नाहीत, तोंड नाही, अंगाभोवती फिरलेली बोटभर खोल रेघ तेवढी. पुरुषाची रेघ पायाशी जोडलेली आहे. बाईची पायाशी वीतभर उघडी. दोघांचे हात मिळतात तिथे वाटीएवढा खळगा आहे. वैशाखात सड्यावरची डबकी आटतात, कातळावर अनवाणी पाय ठेववत नाही, तेव्हासुद्धा त्या खळग्यात बोट घातलं तर ओल लागते. आम्ही ओततो गोडं पाणी, पण बोट जिभेला लावलं तर खारट. कडा एवढा उंच आहे की उधाणाचं पाणी तिथवर उडत नाही.

आमच्या वाडीतला दिगंबर होडेकर हल्ली पाहुण्यांना हे दाखवायला आणतो. एका वेळी एकच कुटुंब, स्वतःच्या गाडीतून. सकाळी कातळशिल्पं, दुपारी माझ्याकडे जेवण, उन्हं कलली की परत सडा आणि शेवटी कड्यावरून समुद्र. संध्याकाळच्या फेरीला मी तांब्या घेऊन बरोबर जाते. तिरप्या उन्हात रेघा सावलीने भरतात. दुपारी जे दिसत नाही ते तेव्हा उठून दिसतं. कधीकधी आडवी माणसं हलल्यासारखी वाटतात, म्हणून पाहुणे आपोआप हळू बोलायला लागतात.

शिमगा झाल्यावर पुण्याचे सबनीस पतीपत्नी आले होते. साहेब गमत्या स्वभावाचे. पुरुषाची आकृती बघून बायकोला म्हणाले, "माधुरी, हा अगदी माझ्या मापाचा आहे बघ. काढ फोटो." आणि खरंच त्या रेघेत बसून आडवे व्हायला लागले.

"साहेब, नको नको!" दिगंबर धावला. "काकी ओरडंल."

"मी कशाला ओरडते रे पाहुण्यांना?" मी म्हटलं. "पण उठा साहेब. जागा दुसऱ्याची आहे."

"कुणाची?"

"बसा इथे बाजूला, सांगते."

दिगंबरने आपलं घोडं पुढे दामटलं. "सर, शास्त्रज्ञ म्हणतात हे दहा-बारा हजार वर्षांचं असंल."

"असेल बाबा. मी तेव्हा नव्हते. तू होतास?"

साहेब हसले आणि उठून कपडे झटकत बायकोशेजारी बसले. मग मी त्यांना सांगितलं ते असं.

फार पूर्वी, शेत नव्हतं, लोखंड नव्हतं, तेव्हा या सड्यावर माणसांचं एक कूळ राहत असे. झाडाचं खोड कोरून ते त्यातून दर्यावर जात. आता दर्या कुणाचा सगा नाही. तो माणूस ठेवून घेतो आणि कळवतही नाही. मग गेलेल्याचा जीव कुठे यायचा? म्हणून त्यांच्यात एक रीत होती म्हणे. दर्यावर जाणाऱ्याने आदल्या सांजेला कातळावर उताणं निजायचं. त्याच्या अंगाभोवती तांबड्या मातीने रेघ काढायची आणि तो उठला की गारगोटीच्या दगडाने ती कोरायची. पायाशी मात्र वीतभर जागा सोडायची. माणूस त्या वाटेने उठून गेला, त्याच वाटेने परत येणार. आला तर ठीक. सड्यावरच्या तळ्यात पावसाचं पाणी असेपर्यंत आला नाही, तर पायाशी रेघ जोडून टाकायची. म्हणजे त्याचा जीव आत येऊन निजतो, किनाऱ्याला भटकत नाही, लेकरांना धरत नाही.

ही रेघ काढायचं काम एका बाईकडे होतं. तिचं नाव कुणाला ठाऊक नाही. आम्ही तिला वाटबाय म्हणतो. तिचा हात इतका बसलेला होता की माती लावल्यावर एकदाही पुसावं लागत नसे, असं सांगतात. कितीतरी जणांच्या वाटा तिने सोडल्या आणि कितीतरी जोडल्या. एका वर्षी तिने आपल्या नवऱ्याची रेघ काढली.

तो गेला आणि आला नाही. तळं अर्ध्यावर आलं, मग चिखल राहिला, मग चिखलालाही भेगा पडल्या. ती रोज घागरभर पाणी खालून आणायची आणि तळ्यात ओतायची म्हणे. तळं आटू नये म्हणून. कातळ ते पिऊन टाकायचा.

कुळातल्या दोन लेकरांना ताप भरला. कुत्री दर्याकडे तोंड करून रडायला लागली. माणसं कुजबुजली, तो भटकतोय. सगळ्यात आधी बोलली ती त्याची आईच. सुनेला म्हणाली, "जोड. माझा लेक आहे तो, मीच सांगते, जोड. उघड्यावर किती दिवस फिरवशील त्याला?"

वाटबायने दगड उचलला. दुसऱ्या कुणाच्या हातून तिने ते होऊ दिलं नाही. पहिला घाव घातला, दुसरा घातला. शेवटचा घाव पडून रेघेला रेघ मिळाली, आणि त्याच घडीला कड्याखालून हाक आली.

सगळे कड्यावर धावले. तो खाली होता. जिवंत. गुडघाभर पाण्यात उभा राहून हात हलवत होता. कुठल्या तरी बेटाला लागला होता, ओंडक्याला धरून आला होता, असं सांगतात. माणसं ओरडली, नाचली. तो किनाऱ्याकडे चालायला लागला.

तो चालत होता आणि पाणी गुडघ्याशीच होतं. पुळण समोर, हाताच्या अंतरावर. तो पाऊल टाकी, पाऊल पडे, पण पाणी घोट्यापर्यंत काही येईना. ओहोटी लागली, वाळू लांबवर उघडी पडली, तरी याच्या पायाशी गुडघाभर पाणी. दोघं-तिघं त्याला आणायला धावत गेले. त्यांच्या हाताला त्याचा हात लागला नाही. तो त्यांना बघत होता, बोलत होता, फक्त येऊ शकत नव्हता. त्याची वाट जोडली गेली होती.

वाटबाय परत रेघेशी आली. तिने माती भरून पाहिली, दगडाची भुकटी थापली. पण कोरलेला कातळ पुन्हा न कोरलेला कसा होणार? हात रक्ताळले. तेव्हा ती म्हातारी, त्याची आई, तिच्याजवळ येऊन बसली. म्हणाली, "अगं, बाहेरून नाही उघडायची. कडी आतून असते."

(इथे सबनीस साहेब म्हणाले, "त्या काळी कडी?" मी म्हटलं, कडी नसेल हो. पण आमच्याकडे सांगतात ते असंच सांगतात.)

सुनेला समजलं. तिने विचारलं, "आत कोण जाईल?" आणि उत्तराची वाट न बघता नवऱ्याच्या रेघेशेजारी जाऊन निजली. हात त्याच्या हाताच्या जागी ठेवला. पण स्वतःची रेघ स्वतःला काढता येत नाही. कुळातला एकही माणूस पुढे येईना. जित्या माणसाला दर्यावर जायचं नसताना कोरायचं, म्हणजे त्याला कुठे पाठवायचं? मग सासूच दगड घेऊन गुडघ्यांवर बसली. तिला हे काम येत नव्हतं. म्हणून वाटबायची रेघ नीट बघा, वेडीवाकडी आहे. खांद्याशी दोनदा घाव चुकलाय.

म्हणे निजल्या निजल्या सून तिला सांगत होती, "आत्या, इथे जरा खोल. आता वळवा. पाय जोडू नका हं."

"नाही जोडत, बाय."

"कधीच नाही."

"कधीच नाही."

शेवटी सासूने दोघांचे हात मिळतात तिथे दगड घासून घासून खळगा केला, की दोन्ही रेघा त्यात बुडून जाव्यात आणि तिची उघडी वाट त्यालाही मिळावी. सूर्य पाण्याला टेकला. आणि खाली पुळणीवर त्याचं पाऊल कोरड्या वाळूवर पडलं.

तो धावत वर आला तेव्हा कातळावर त्याच्या आईशिवाय कुणी नव्हतं. वेडीवाकडी रेघ होती, खळग्यात पाणी होतं. आई म्हणाली, "हळू बोल. तिने दार धरलंय."

तो पुन्हा दर्यावर गेला नाही. म्हातारा होईतो रोज सांजेला त्या खळग्यापाशी कान लावून बसत असे, आत श्वास ऐकू येतो म्हणायचा. शेवटी त्याने आपल्याच रेघेत अंग टाकलं. तोही आत गेल्यावर तिला उठायला हरकत नव्हती, तिची वाट तर उघडीच होती. पण ती गेली नाही. काही सांजांना, दव पडायच्याही आधी, तिच्या पायाशी सोडलेल्या जागेतून कड्यापर्यंत ओली पावलं उमटतात. मी पाहिली आहेत. दिगंबरनेही पाहिली आहेत, तो पाहुण्यांना सांगत नाही इतकंच. पावलं कड्यावर थांबतात. अजून कोण कोण गुडघाभर पाण्यात उभं आहे ते ती बघायला जाते, असं आमच्याकडे म्हणतात. मग परत येऊन निजते. दार धरून ठेवायचं असतं ना.

गोष्ट संपली तेव्हा ऊन गेलं होतं. साहेब फोटो काढायचं विसरले होते. माधुरीताईंनी माझ्या कपाळाच्या कुंकवाकडे पाहिलं, मग विचारलं, "काकी, तुमचे मिस्टर...?"

"यायचे आहेत," मी म्हटलं.

दिगंबर तांब्या उचलून उगाच लांब जाऊन उभा राहिला. तो यांच्याच हाताखाली होडी चालवायला शिकला.

माझ्या लेकीचं, हर्षदाचं, लग्न ठरलं आहे. पत्रिका छापायची वेळ आली तेव्हा दीर पुन्हा आले. ओटीवर बसले. मग म्हणाले, "वहिनी, त्याच्या नावामागे कै. लिहूया. लोक हसतील नाहीतर. आणि तो पुतळ्याचा विधीही लग्नाआधी उरकू, म्हणजे त्याला सुटका आणि तुलाही." त्यांचे डोळे भरले होते. मला त्यांच्यात ती म्हातारी दिसली, 'मीच सांगते, जोड' म्हणणारी. मीही थकते हो. कधीकधी वाटतं, आपणच तर यांना भटकवत नाही ना?

हर्षदा आतून चहा घेऊन आली. कप ठेवताना म्हणाली, "काका, बाबा गुडघाभर पाण्यात असले तर?"

दिरांनी चहा घेतला. बशीत ओतून, फुंकर घालून, सावकाश. उठताना म्हणाले, "श्री. लिहा." आणि बाहेर पडताना माझी रांगोळी ओलांडली ती पाय उचलून, उघड्या जागेवर पाय पडू न देता.

आजही वेळसरात कुणी दर्यावर असलं की त्या घरची बाई रांगोळीची शेवटची रेघ जोडत नाही. समुद्राच्या बाजूला बोटभर जागा सोडते. माणूस घरी आला की तो स्वतः चिमूट घेऊन ती जोडतो, मग जेवायला बसतो. आजही वाटबायच्या आकृतीत कुणी निजत नाही, तिच्या पायांच्या वाटेत कुणी उभं राहत नाही, आणि सड्यावर गेलेला प्रत्येक जण खळग्यात घोटभर पाणी ओततो. आत राहणाऱ्याला तहान लागते.

माझ्या दारातली रेघ उघडी आहे. काही सकाळी शेणसडा घालायच्या आधीच तेवढी बोटभर जागा ओली असते. दहिवर असेल. मी बोट लावून जिभेवर ठेवत नाही. यांनी येऊन सांगितलेलं मला जास्त आवडेल.

तुमचंही कुणी बाहेर असेल. दर्यावरच असेल असं नाही. रागावून गेलेलं असेल, लांबच्या मुलखात असेल, फोन उचलत नसेल. लोक सांगतील, आता जोड. त्यांच्या मनात वाईट नसतं. तरी तुम्ही एवढं करा. उद्या सकाळी दारात रांगोळी काढा, रांगोळी नसली तर पिठाची, नाही तर खडूचीही चालेल, आणि बोटभर जागा तशीच सोडा. माधुरीताईंनी गाडीत बसता बसता मला विचारलं होतं, "काकी, पुण्यात समुद्राची बाजू कुठली?" त्यांना सांगितलं तेच तुम्हाला सांगते. सूर्य जिकडे मावळतो, तिकडे सोडा.