ठकूचा दगड

तुम्ही उभे आहात त्या सपाट दगडाला आमच्याकडे ठकूचा दगड म्हणतात. पुढे सरकू नका, खाली नुसती दरी आहे.

गडावर किल्लेदार होता तेव्हाची गोष्ट. पाणी भरताना ठकूचं आणि शेजारच्या बयजाचं वाजलं. बयजाचा आवाज खणखणीत, ठकूचा किरटा. ठकू तणतणत गडावर गेली आणि गाऱ्हाणं घालून आली. हुकूम निघाला, गावात कुणी मोठ्याने बोलायचं नाही. ठकूला गुदगुल्या झाल्या म्हणे. पण म्हातारी मेल्याचं दुःख नाही, काळ सोकावतो. पुढे जात्यावरचं गाणं बंद झालं, मग ओसरीवर चौघांनी बसणं, मग न विचारता वेशीबाहेर पडणं. शेवटी हाळी देणाऱ्याला कडेलोट ठरला. आता इथल्या धुक्यात आपलाच हात दिसत नाही. गवताचा भारा घेऊन दरीतून चढणारा माणूस वरून दिलेल्या हाळीच्या रोखानेच वाट काढायचा.

एका सकाळी ठकूचा नवरा धोंडजी असाच धुक्यात अडकला. ठकू इथे उभी होती. शिपाई जवळपास होते, पण नेमके कुठे ते दिसत नव्हतं. खालून दगड गडगडला आणि धोंडजीची पावलं कड्याकडे सरकली. ठकूने तोंड उघडलं, पण भीतीने आवाजच फुटेना.

तेवढ्यात बाजूने बयजा ओरडली, “धोंडजी, डावीकडं सर! इकडं ये, इकडं!”

धोंडजी सुखरूप वर आला. पाठोपाठ हवालदारही आला. “हाळी कुणी दिली?”

“म्या दिली,” ठकू म्हणाली.

बयजाने तिचं लुगडं ओढलं. “खोटं बोलतीया! म्या दिली.”

“तू गप, बयजे. हुकूम म्या मागून आणलाया. त्यो म्याच फेडणार.”

हवालदाराला खरं वाटेना. “मग दे बघू पुन्हा.”

ठकूने छाती भरून घेतली आणि हाळी दिली. त्या किरट्या आवाजाने सगळी दरी दणाणली, असं सांगतात. तिला याच दगडावरून लोटलं.

पुढच्या धुक्यात बयजाने इथे येऊन ठकूच्या नावाने हाक मारली. मग धोंडजीने, मग अख्ख्या गावाने. सगळ्यांना लोटलं तर गडाला धान्य कोण पिकवून देणार? किल्लेदार मुकाट बसला आणि त्याचे हुकूमही बसले.

आजही धुकं पडलं की घरटी एक माणूस इथे येऊन हाळी देतं, दरीत कुणी असो वा नसो. तुम्ही उतरताना मागून आवाज आला, तर ओ द्या. तुम्ही नवखे असलात तरी ती हाळी तुमच्यासाठीच असते.