पुतळ्याच्या वाट्याचे गवत

बर्फाच्या त्या मुलखात मॅमथ उरले नव्हते, आणि या गोष्टीचे दुःख करायला सगळ्यांना फार आवडे. हत्तींची ही केसाळ भावकी जिवंत होती तेव्हा, ती सगळे गवत फस्त करते म्हणून तिच्या नावाने खडे फोडणारेच आता स्मारक समितीवर होते. चौकात मॅमथचा भलामोठा पुतळा होता. आत पेंढा, वर माती, त्यावर रंगवलेले केस. रोज गवताची पहिली पेंढी त्याच्यापुढे ठेवली जाई.

एके दिवशी गोठलेला समुद्र तुडवत दूरच्या बेटावरून एक मॅमथीण आली. बेटावर चारा कमी, त्यामुळे तिचे घराणे पिढ्यान्पिढ्या ठेंगणे होत गेले होते. आता चाराही संपला होता आणि घराणेही. तिच्या पोटात चार दिवसांत काडी गेली नव्हती.

"अध्यक्षसाहेब, रोज एक पेंढी मिळाली तर माझा हिवाळा निघेल," ती म्हणाली.

अध्यक्ष कोल्हा होता. त्याने सशाला तिचे माप घ्यायला लावले.

"साहेब, पुतळ्याच्या निम्म्या भरतात बाई," दोरी गुंडाळत ससा म्हणाला. "सुळेही आखूड आहेत."

"बाई, तुमच्याबद्दल आदर आहे," कोल्हा म्हणाला, "पण मॅमथ नामशेष झालेत. परवा त्यांचा शोकदिन आहे. तुम्ही असं मध्येच जिवंत निघालात, तर त्या बिचाऱ्यांना काय वाटेल?"

मॅमथिणीला रडू आले. तेवढ्यात हिमवादळ सुटले आणि सगळे बिळांत पळाले. ती एकटीच चौकात राहिली. पुतळ्याच्या पोटाला तडा गेला होता. तिने सोंडेच्या टोकाने एक काडी ओढली. मग दुसरी. दोन दिवसांनी वादळ थांबले, तेव्हा पुतळा तिच्या पोटात होता आणि त्याची माती बर्फाखाली. रिकामा चौथरा बघून तिलाच कसेतरी वाटले, म्हणून ती वर चढून उभी राहिली.

शोकदिनाला सगळा मुलूख लोटला. कोल्ह्याने चौथऱ्याकडे निरखून पाहिले.

"डागडुजी कोणाला दिली होती रे?" तो सशाला हळूच म्हणाला. "पहिल्या पुतळ्यात कसा जिवंतपणा होता!"

सशाने वर पाहिले. मॅमथिणीने त्याला डोळा मिचकावला.

"थंडीने आक्रसला असेल, साहेब," ससा म्हणाला आणि त्याने मापाची दोरी पाठीमागे लपवली.

कोल्ह्याने सर्वांत जाड पेंढी पुढे ठेवली. मग सगळ्यांनी माना खाली घातल्या, डोळे मिटले आणि दोन मिनिटे स्तब्धता पाळली. त्या शांततेत गवत चावल्याचा आवाज स्पष्ट ऐकू येत होता. डोळे मात्र कोणीच उघडले नाहीत.