पडद्याकडे पाठ

“कापू की नको, आक्का? एवढंच सांगा.”

मृदुला चौगुले असं तडकाफडकी विचारते तेव्हा तिला उत्तर नको असतं, शाबासकी हवी असते. हे तिच्या ओळखीच्या सगळ्यांना ठाऊक होतं. यमूआक्कांना तर, मृदुला त्यांच्या खोलीत झाडलोट करत संकलन शिकायला आली तेव्हापासून, म्हणजे पंधरा वर्षांपासून ठाऊक होतं.

यमूआक्का सुतार आपल्या खुर्चीत बसून पावटे सोलत होत्या. वय ऐंशीच्या पुढे. कोल्हापुरातल्या, आता बंद पडलेल्या एका स्टुडिओत त्यांनी अडतीस वर्षं फिल्म कापली आणि जोडली. पडद्यावर संकलक म्हणून नाव आलं दोनदा, त्यातही एकदा चुकीचं. पण त्यांच्या हाताखाली शिकलेलं माणूस आजही कामाला बसताना आधी टेबलाला हात लावून नमस्कार करतं.

“काय कापायचं म्हणतोय त्यो?”

“भाकरीचा सीन.”

आक्कांनी एक शेंग फोडली. किडका दाणा बाजूला टाकला.

मृदुलाचा हा तिसरा सिनेमा. निर्माती तीच, दिग्दर्शक तीच, संकलकही तीच. नामावलीत एकच नाव तीनदा येतं म्हणून मित्र थट्टा करायचे, चहा कुणी केला तेही लिहून टाक म्हणायचे. ती हसायची, पण मनातून तिला त्या तीन ओळींचा भारी अभिमान होता. पहिला सिनेमा तिनं शाळांच्या हॉलमध्ये आणि तालमींच्या पटांगणात स्वतः पडदा बांधून दाखवला. दुसऱ्याला एकच थिएटर मिळालं, तेही सकाळी साडेनऊचा खेळ, तीन दिवस. आता हा तिसरा एका वितरकाच्या नजरेत भरला होता. बावीस थिएटरं द्यायला तो तयार होता. अट एकच. भाकरीचा सीन काढायचा. आज चारपर्यंत शेवटचं उत्तर कळवायचं.

सीन असा. मुलगा दहा वर्षांनी घरी येणार म्हणून आई चुलीपुढं बसलीय. फोन वाजतो. मुलगा येत नाही. ती फोन बाजूला ठेवते आणि भाकरी थापायला घेते. थापते, तव्यावर टाकते, पाणी फिरवते, उलटते. मग मुलाच्या वाटणीचीही भाकरी करते. दोन मिनिटं चाळीस सेकंद. एक शब्द नाही, संगीत नाही.

“लोक मोबाईल बघत बसतील म्हणाला.”

“आनि तू?”

“एक फ्रेम कापणार नाही म्हणाले. त्या सीनमधलीच नाही, अख्ख्या सिनेमातली एकसुद्धा नाही!”

“मग हितं कशाला आलीस?”

मृदुलानंही एक शेंग सोलायला घेतली.

ती का आली होती ते तिला नीट माहीत होतं. ती घाबरली होती. चाळिशी उलटली होती आणि हाही सिनेमा कपाटात गेला, तर चौथा करण्याचं बळ आपल्यात उरणार नाही, असं तिला पहिल्यांदाच वाटलं होतं. आक्कांनी पाठीवर थाप मारली असती तर ती ताठ मानेनं नकार द्यायला मोकळी झाली असती. आक्का थाप मारतील याची तिला खात्री होती. स्टुडिओच्या मालकानं एक चांगला प्रसंग कापायला सांगितला तेव्हा ह्याच बाईनं कात्री त्याच्यापुढं ठेवली होती आणि म्हटलं होतं, घ्या, तुमच्या हातानं कापा. मालक कात्री न उचलता निघून गेला होता. ही गोष्ट मृदुलानं निदान शंभर जणांना सांगितली असेल.

“लाव,” आक्का म्हणाल्या.

मृदुलानं स्टुलावर लॅपटॉप ठेवला, आवाज वाढवला, खिडकी लावून घेतली. मागं वळून बघते तर आक्कांनी खुर्ची फिरवलेली. पडद्याकडं पाठ आणि तोंड मृदुलाकडं. मांडीत पावट्यांची परात, पुढ्यात सालींसाठी पसरलेला पेपर, हातात फिल्मवर खुणा करायची जुनी पिवळी पेन्सिल.

“आक्का, सिनेमा तुमच्या मागं आहे.”

“ठावं हाय.”

स्टुडिओतही आक्का अशाच बसायच्या. काम पुरं झालं की दिग्दर्शकाला सिनेमा दाखवायच्या आणि स्वतः पडद्याकडं पाठ करायच्या. त्यांच्या डोळ्यांना उजेड सोसत नाही, असं सगळे समजत. मृदुलाही तसंच समजत आली होती. पण तिच्या स्वतःच्या सिनेमाच्या वेळीही? तिला राग आला. चांगलाच राग आला. दोन वर्षं घाम गाळला आणि ही बाई शेंगा सोलत माझं थोबाड बघत बसणार!

सिनेमा सुरू झाला.

अधूनमधून पेपरवर पेन्सिल ओढल्याचा बारीक आवाज यायचा. एक पिवळी रेघ. बऱ्याच वेळानं दुसरी. उसाच्या फडावरून कॅमेरा उडत जातो तो चार मिनिटांचा शॉट आला, तेव्हा दोन रेघा पडल्या. त्या शॉटसाठी मृदुला अकरा दिवस पहाटे उठून उजेडाची वाट बघत बसली होती.

पावणेदोन तासांनी सिनेमा संपला. आक्कांनी पेन्सिल कानामागं खोचली.

पेपरवर नऊ रेघा होत्या.

“ह्या काय?”

“कापायच्या जागा.”

“तुम्ही बघितलाच नाही!”

“न्हाई बघितला.”

“मग कशावरनं कापू?”

“ह्या जागी तू माझ्याकडं बघितलंस.”

मृदुलानं पेपर उचलून हातात घेतला.

कुठली जागा, हे तिला विचारावं लागलं नाही. नऊच्या नऊ आठवल्या. तिसरीला तिनं आक्कांकडं बघितलं होतं, कारण तो संवाद लिहिल्यावर ती स्वतःवरच खूश झाली होती. सातवीला बघितलं होतं, कारण तिथं कॅमेरा आरशातून फिरतो आणि कसा फिरवला ते कुणाला कळत नाही. आणि उसाच्या फडाला दोनदा. आक्कांची पडद्याकडं पाठ आहे हे माहीत असूनही दोनदा.

“तो उसाचा शॉट अख्ख्या सिनेमात सगळ्यात देखणा आहे,” ती चिडून म्हणाली.

“असंल की.”

“अकरा दिवस लागलेत त्याला!”

“बरं.”

“मग तुम्हीही त्या पाटणकरासारख्याच. तो एक सीन मागतोय, तुम्ही नऊ मागताय.”

पाटणकर म्हणजे तो वितरक. आक्कांनी त्याच्याबद्दल काही विचारलं नाही.

मृदुलाचा आवाज खाली आला. “आणि भाकरीला? भाकरीला किती रेघा?”

“एक बी न्हाई.”

“म्हणजे तिथं मी…”

“तिथं तुला हाक मारली. दोनदा मारली.”

“मला ऐकू नाही आली.”

“मग परात खाली टाकली.”

मृदुलानं खाली बघितलं. सोललेले पावटे खोलीभर सांडले होते. तिच्या खुर्चीखाली, स्टुलाच्या पायांशी, तिच्या स्वतःच्या पावलांवरसुद्धा दोन-चार दाणे पडले होते. परात भिंतीजवळ पालथी पडली होती. एवढी पितळेची परात फरशीवर आदळली आणि तिला पत्ता नव्हता.

तिनं वाकून परात सुलटी केली.

फोन वाजला. चारला पाच कमी होते.

“हां, बोला पाटणकर,” मृदुला म्हणाली. “हो, कापतेय. ठरलं.”

पलीकडून खुशीचा आवाज आला.

“नऊ जागा कापतेय. सिनेमा बारा मिनिटांनी कमी होईल. उसाचा शॉट जातोय.”

पाटणकर गोंधळला. त्याला उसाचा शॉट फार आवडला होता, तोच तर जाहिरातीत घ्यायचा होता. भाकरीचं काय, त्यानं विचारलं.

“भाकरीला हात लावणार नाही.”

तो समजावू लागला. मग त्याचा सूर बदलला. मग त्यानं सरळच सांगितलं, तसं असेल तर थिएटरं विसरा.

“किती होती?”

बावीस, तो म्हणाला.

“विसरले,” मृदुला म्हणाली आणि फोन ठेवला.

आता तिला रडू येईल असं तिला वाटलं होतं. आलं नाही. ती गुडघ्यांवर बसली आणि पावटे वेचू लागली. पंधरा वर्षांनी ती पुन्हा आक्कांच्या खोलीतली फरशी साफ करत होती आणि त्यात तिला कमीपणा वाटला नाही. तिचा जुना पडदा अजून घरी माळ्यावर होता. दोऱ्या बदलाव्या लागणार होत्या. शाळांचे हॉल होतेच. तालमीही कुठं गेल्या नव्हत्या. पण मूठभर दाणे परातीत टाकताना तिचा हात थांबला.

“आक्का…”

“हं.”

“थिएटरं गेली. जाऊ दे, त्याचं काही नाही. पण खरं सांगा, शब्द नाही, गाणं नाही, बाई नुसती भाकरी करतेय… हे बघणार कोण?”

आक्का उठल्या. दोन्ही हातांनी खुर्ची धरली, फरशीवरून करकरत फिरवली आणि पडद्यासमोर ठेवली. नीट टेकून बसल्या. पदरानं चष्मा पुसला.

“मी कुठं बघितलाय अजून? लाव.”