हंड्याचं घराणं

भांडी एकमेकांशी बोलायची, त्या काळातली ही गोष्ट. धोंडिबांच्या स्वयंपाकघरात तांब्याचा एक हंडा होता. तो आहेरात आलेला, म्हणून त्याच्या गळ्याशी देणाऱ्याचं नाव कोरलेलं होतं: राजेंद्र. हंड्याला मात्र ते आपलंच नाव वाटे.

"राजेंद्र म्हणजे राजांचा राजा," तो रोज ऐकवायचा. "आमचं मूळ गादीवरचं. तुझ्यावर काय लिहिलंय?"

बिननावाचा लोखंडी तवा ऐकून ऐकून विटला होता. "तुझ्यात पाणी भरतात, महाराज, आणि माझ्यावर भाकरी भाजतात," तो म्हणे. "बाकी सगळ्या गप्पा."

पुढे धोंडिबांच्या भाचीचं लग्न निघालं. नवं भांडं घ्यायला त्यांचा हात धजेना. त्यांनी हंडा चिंचेने लखलखीत घासून घेतला आणि कासाराला बोलावलं. कासाराने कानशीने राजेंद्र खरवडून टाकला आणि तिथे ठोकलं: धोंडिबा. हंडा घावाघावाला कण्हला. तव्याला वाटलं, आता तरी शहाणा होईल.

निघताना हंडा घसा खाकरून म्हणाला, "धोंडा म्हणजे खडक. राजे कालचे, आम्ही पृथ्वीच्या जन्मापासूनचे."

"असाल," तवा म्हणाला. "भाचीकडे पुढचं लग्न निघेपर्यंत सांभाळा हे घराणं."