रंगात उमटलेली बोटं

जंगल गावाच्या वेशीला टेकलेलं होतं, तेव्हाची गोष्ट. झाडीत दिसू नये म्हणून तुळाजी शिकाऱ्याने आपल्या बंदुकीला हिरवा रंग दिला आणि तिला खुंटीला टांगलं. दुसऱ्याच दिवशी बिबट्याची खबर आली.

बंदूक हरखली. तेवढ्यात तिच्या अंगावरचा रंग हळूच म्हणाला, "मी वरून सुकलोय, आतून ओलाच आहे. थोडं ऊन खाऊ दे मला. आत्ता जो मला धरेल, त्याला मी सोडणार नाही."

"नवे कपडे घालून घरात बसू होय?" बंदूक फणकारली. तुळाजीने बोट लावून पाहिलं. बोटाला रंग लागला नाही, तसा तो निघाला.

दुपारभर तो झाडीत बंदूक घट्ट धरून बसला. हाताच्या उबेने रंग मऊ झाला, चापाच्या फटीत उतरला आणि तिथेच चिकटून बसला. बिबट्या समोर आला तेव्हा चाप हललाच नाही.

"सोड रे," बंदूक कळवळली. रंगाने चाप आणखी घट्ट धरला.

गावकऱ्यांना बंदूक तेवढी सापडली. त्यांनी ती पुन्हा त्याच खुंटीला टांगली. आता रंग दगडासारखा वाळलाय. त्यात तुळाजीची पाच बोटं उमटलेली आहेत, आणि घरात कुणी नसलं की ती बंदुकीला हळूहळू आवळतात.