गब्दुलची तीट

फार फार वर्षांपूर्वी, म्हणजे मोबाइलवाल्यांच्या हिशेबाने गेल्या महिन्यात, प्राणिसंग्रहालयातल्या गब्दुल नावाच्या पाणघोड्याच्या पिल्लाने जांभई दिली. तिचा व्हिडिओ कोटीभर लोकांनी पाहिला. मग काय, दिवसभर गर्दी ओरडू लागली, "गब्दुल्या, आ कर!" आ करून करून त्याचा जबडा इतका दुखला, की दूधही पिववेना.

"दृष्ट लागली गं माझ्या सोन्याला!" आई रडू लागली.

"तीट लाव की," शेजारची कासवमावशी म्हणाली.

आईने गालावर चिखलाचा ठिपका लावला. तो इतका गोड दिसला, की गर्दी दुप्पट झाली. मग आईने त्याला शेपटीपर्यंत चिखल फासला.

"इथे तर नुसता दगड आहे," म्हणत लोक निघून गेले. दिवसभर तोंड मिटून पडलेला गब्दुल संध्याकाळी चुरूचुरू दूध पिऊ लागला.

आई ऐटीत म्हणाली, "मावशी, तीट अंगाच्या मापाने लावायची असते बरं!"