दोन प्रहर थांबलेली पुरी

ही गोष्ट अगदी खरी आहे. अंबळगाव संस्थानाच्या मुदपाकखान्यातल्या एका म्हाताऱ्या आचाऱ्याने ती मला स्वतः सांगितली. म्हणजे सांगितली असती, पण तो माझ्या जन्माआधीच वारला. तरी शपथेवर सांगतो, एक शब्द इकडचा तिकडे केलेला नाही. चार-दोन वाक्यं असतील.

तर अंबळगावच्या भुजंगराव महाराजांना ढेकर लागले होते. पोट नगाऱ्यासारखं, घशाशी आंबट, रात्री झोप नाही. दरबारात ढेकर आला की दारातला पहारेकरी दचकून भाला सावरायचा. शेजारच्या राजाचा वकील तहाची बोलणी करायला आला होता, तो ढेकरालाच नकार समजून परत गेला.

राजवैद्य दाजीशास्त्री यांनी नाडी पाहिली, जीभ पाहिली आणि म्हणाले, "महाराज, तीन दिवस लंघन. मग पेज. आणि सकाळ-संध्याकाळ हा काढा."

महाराजांनी काढ्याचा एक घोट घेतला आणि पेला खिडकीबाहेर भिरकावला.

"शास्त्रीबुवा, नीट ऐका. आमच्या तोंडातून औषध जाणार नाही. अंगाला लेप लागणार नाही. उपास सांगायचा नाही. आणि ताटातला एक पदार्थही कमी होणार नाही. पंधरा दिवसांत ढेकर थांबले नाहीत, तर सोळाव्या दिवशी तुम्ही आमच्या हद्दीबाहेर."

"पण महाराज, मग मी करायचं तरी काय?"

"ते आम्हाला माहीत असतं, तर तुम्हाला पोसलं कशाला असतं?"

शास्त्रीबुवा घरी आले. परसात आजोबांनी लावलेला हिरडा होता, वडिलांनी लावलेला बेहडा होता. दोन्हींकडे बघत त्यांनी पोथ्या बांधायला घेतल्या. ओसरीवर तानाक्का बसली होती. वीस वर्षं त्यांची औषधं खलात घोटणारी बाई.

"खल बी बांधायचा का?" तिने विचारलं.

"बांध. तुझंही काम सुटलं आता." शास्त्रीबुवांनी सगळं सांगितलं.

तानाक्काने बत्ता खाली ठेवला. "महाराज जेवत्यात कसं?"

"भरपूर."

"ते दिसतंय. जेवायच्या आधी काय हुतं?"

"आधी रंगोजी प्रत्येक पदार्थ खाऊन बघतो. महाराजांना विषाची धास्ती. मग शंभर आकडे मोजायचे. तोवर रंगोजी उभाच राहिला, की महाराज जेवायला बसतात."

"शंभर आकड्यांत इष चढतंय?"

"काही चढतात. काहींना दोन प्रहरही लागतात."

"हे महाराजांना ठावं हाय?"

"त्यांनी कधी विचारलं नाही."

"मग सांगूया की. खरं बोलायची बंदी तर घातली न्हाई त्यांनी."

दुसऱ्या दिवशी शास्त्रीबुवांच्या मागे तानाक्का दरबारात उभी राहिली. "सरकार, औषध न्हाई, लेप न्हाई, उपास न्हाई. ताट हाय तसंच ठेवा. फकस्त कानावर घालते, काही इषं दोन प्रहरांनी चढत्यात."

महाराजांचा चेहरा उतरला. "दोन प्रहर? शास्त्रीबुवा, हे खरं?"

"ग्रंथात आहे, महाराज."

महाराज हळूच वळले. "रंगोजी, बरा आहेस ना तू?"

"आत्तापर्यंत हाय, सरकार."

तिथल्या तिथे हुकूम सुटला: रंगोजीने खाल्ल्यावर दोन प्रहर ताटाला कुणी हात लावायचा नाही. "आणि हा हुकूम आमच्या डोक्यातून आला आहे," महाराजांनी बजावलं. शास्त्रीबुवांनी मान खाली घातली ती हसू लपवायला.

त्या दुपारी रंगोजी गरम-गरम जेवला. ताट दिवेलागणीला महाराजांपुढे आलं. पुऱ्या चामड्यासारख्या झालेल्या, श्रीखंड आंबलेलं, भज्यांना तेल सुटलेलं. ताटात सगळं होतं. महाराजांना चारच घास गेले. रात्रीचं ताट खायला मोकळं होईपर्यंत महाराज पेंगून आडवे झाले होते.

आणखी एक झालं. रंगोजीला जेवणानंतर शतपावली घालायची सवय. तो कुठे कोसळतो की काय, हे बघायला महाराज त्याच्यामागे. तो तटावर, हे तटावर. तो तळ्याला वळसा घालून आला, हेही आले. त्याला शिंक आली की महाराज ओरडायचे, "धरा त्याला!"

पंधराव्या दिवशी महाराज उन्हं वर आल्यावर उठले. कमरेचा शेला दोन वेढे जास्त बसला. ढेकर नाही, जळजळ नाही. शेजारचा वकील पुन्हा आला आणि तह होऊन गेला.

महाराजांनी तानाक्काला बोलावलं. "आमच्या नकळत काय चारलंस? खरं सांग."

"मी काय चारणार, सरकार? औषध आपल्याचपाशी हुतं. आपला संशय. आधी आपण तो शंभर आकडेच घेत हुता. मी मात्रा वाढवली."

शास्त्रीबुवांनी डोळे मिटले. आणि महाराज पोट धरून हसायला लागले. इतके हसले, की आता ढेकर येणार म्हणून पहारेकऱ्याने भाला घट्ट धरला. आला नाही.

शास्त्रीबुवांना शालजोडी मिळाली. तानाक्काला चांदीचा खल-बत्ता.

"आणखी काही माग," महाराज म्हणाले.

"माझ्यासाठी नगं. रंगोजीला तेवढं आठ दिवस लंघन द्या. आपलं उरलेलं ताट त्योच संपवतोय."

तेवढ्यात दारातून रंगोजीचा असा ढेकर आला, की पहारेकऱ्याच्या हातातला भाला पडलाच.

आता यात खोटं काय, ते सांगून टाकतो. अंबळगाव मीच वसवलं, महाराज मीच गादीवर बसवले, आणि आचारी जन्मलाच नाही तर वारणार कुठून? पण दोन प्रहर थांबलेली पुरी कशी लागते, ते शब्दनशब्द खरं आहे. आमच्या डॉक्टरांनी सांगितलेलं पथ्य मी ऐकलं नाही. ते आमच्या हिने ऐकलं, आणि तेव्हापासून माझ्या ताटातली पुरी दोन प्रहर थांबते.